काल्पनिक राज्याचा राज्याभिषेक: समूहगान की कर्णे-नगारे?

कल्पित जगातल्या राज्याभिषेकासाठी रचना बांधायची, तर आधी ठरवायचं ते हेच.

पहिल्याच क्षणी दरारा बसवावा तो कर्ण्यांनीच. सोहळा उघड्या मैदानावर असेल तर प्रश्नच मिटला. पण ज्या जगात यंत्रयुग आलेलं नाही, तिथल्या कर्ण्याला झडपा, म्हणजे बोटांनी दाबून स्वर बदलायच्या कळा, नसणार. अशा कर्ण्यातून नैसर्गिक स्वरमालिकाच निघते: खालच्या भागात सा, प, सा, ग असे सुटे सुटे स्वर, आणि सलग सुरावट फक्त वर, तार भागात. त्यामुळे त्यावर ललकारी शोभते, लांबलचक धून नाही. पडद्यावरचे ‘प्राचीन’ कर्णे खर्जातही सफाईदार धून वाजवतात, ते मला फार खटकतं.

समूहगानाला शब्द मिळतात. त्या जगाची भाषा, दैवतं, राजाची शपथ सगळं त्यात येतं. मोठ्या दगडी सभागृहात आवाज काही सेकंद घुमतो, म्हणून लय संथच हवी, नाहीतर अक्षरं एकमेकांत मिसळतात.

मी समूहगानच निवडेन. खाली अखंड षड्ज, वर दोनच ओळींचं शपथगीत आणि दर आवर्तनाला वाढत जाणारे गायक. कर्णे फक्त राजाच्या आगमनाला.