किंग्ज की किंगफिशर? गोव्यात बसल्यावर काय मागवायचं

कुडाळ-सावंतवाडीकडून गोव्याला जाणाऱ्यांचा हा ठरलेला घोळ, टेबलावर बसलं की वेटर विचारतो बिअर कुठली, किंग्ज की किंगफिशर, आणि मग चौघांची चार मतं.

किंगफिशरची गोष्ट मोठी आहे. थॉमस लीशमन नावाच्या स्कॉटिश माणसाने १९१५ मध्ये दक्षिणेतल्या पाच ब्रुअरी, म्हणजे बिअरचे कारखाने, एकत्र करून युनायटेड ब्रुअरीज ही आज किंगफिशर बनवणारी कंपनी काढली, तेव्हा गिऱ्हाईक म्हणजे गोरे सोल्जर आणि पिंपं जायची बैलगाडीतून. १९४७ ला विठ्ठल मल्ल्या त्यात पहिले भारतीय डायरेक्टर झाले. घराणं मंगळूरजवळच्या बंटवाळचं, घरात कोंकणी, म्हणजे ओढूनताणून का होईना ही पण आपल्याच किनाऱ्याची म्हणता येते. आजची किंगफिशर १९७८ पासूनची, आणि २०२१ पासून कंपनीचा ताबा डच हायनेकेनकडे आहे, तरी लोक अजून मल्ल्याचीच म्हणतात.

किंग्जला एवढा इतिहास सांगायला नाही, ती गोव्याची आणि बहुतेक गोव्यातच खपणारी. मालवण-रत्नागिरीला मागितलीत तर बरेचदा नुसती मान हलवतील. गोवेकराला तिचं एवढं कौतुक का तर छोटी बाटली, आणि हे मला खरंच पटतं. मे महिन्यात शॅकमध्ये, म्हणजे किनाऱ्यावरच्या झोपडीवजा हॉटेलात बसून ६५० मिलीची मोठी बाटली उघडलीत की अर्ध्यावर येईपर्यंत ती कोमट होते, मग ती फक्त पैसे दिलेत म्हणून संपवायची. छोटी बाटली बर्फातून येते, लेबल भिजून निम्मं सुटलेलं असतं, सुंगटांची, म्हणजे कोळंबीची प्लेट संपायच्या आत ती रिकामी, मग दुसरी गार मागवायची.

चवीचं म्हणाल तर दोन्ही लागरच, म्हणजे थंडीत हळूहळू काम करणाऱ्या यीस्टने आंबवून नंतर गारव्यात मुरवलेली. किंग्जच्या लेबलवर पिल्सनर लिहिलेलं असतं, तो लागरचाच एक प्रकार, १८४२ मध्ये बोहेमियातल्या (आजच्या चेक प्रजासत्ताकातल्या) प्लझेन गावात पहिल्यांदा झाला. मला किंग्ज थोडी मऊ, किंचित माल्टच्या गोडीची वाटते, रवा लावलेल्या बांगड्याबरोबर मस्त जाते. किंगफिशर प्रीमियम जरा कोरडी आणि सगळीकडे साधारण सारखीच लागते, तिखट सुक्कं असेल तर मी तीच घेतो. फक्त मागवताना प्रीमियम म्हणा हं, स्ट्राँग आली तर ती आठ टक्क्यांपर्यंत जाते आणि दुपार गेली समजा.

पण खरं सांगू का, ब्रँडपेक्षा बाटलीवरची तारीख बघा. माइल्ड लागरमध्ये लपवायला काही नसतं, जुनी किंवा उकाड्यात राहिलेली बाटली लगेच कळते, ओल्या पुठ्ठ्यासारखा वास येतो. म्हणून जिथे गर्दी आहे, माल रोज फिरतोय तिथे डोळे मिटून किंग्ज घ्या. आडबाजूच्या बारमध्ये गेलात तर जी जास्त खपते ती घ्या, मग किंगफिशर का असेना.

आणि घरी न्यायचा विचार असेल तर किंग्ज बाद, किंगफिशर पण बादच. परमिटशिवाय गोव्याची बाटली महाराष्ट्रात आणणं गुन्हा आहे, सीमेवरच्या बांद्याला एक्साइजवाले गाड्या तपासतात. तिकडेच प्या, आणि येताना स्टिअरिंग न पिणाऱ्याच्या हातात द्या.