ई-स्पीक: आवाज पत्र्याच्या डब्यातला, पण आता कानाला बसलाय

नजर कमी होत गेली तसा तीन वर्षांपासून कॉम्प्युटर कानानेच चालवतोय. एनव्हीडीए म्हणून फुकट स्क्रीन रीडर आहे, म्हणजे स्क्रीनवरचं मोठ्याने वाचून दाखवणारं सॉफ्टवेअर, त्याच्यासोबतच ई-स्पीक हा आवाज येतो, हा रिव्ह्यू त्याचा. भाच्याने चालू करून दिला तर माय स्वयंपाकघरातून म्हणे, "हा कोण रे नाकातून बोलतोय, सर्दी झाली का त्याला?" मलाही दोन दिवसांत वैताग आला, काढून टाकला आणि एक गोड बाईचा आवाज लावला.

पंधरा दिवसांत परत ई-स्पीकवर. कारण एकच, स्पीड. बाईला जरा पळवलं की शब्द एकमेकांवर चढायचे. हा गडी साधारण १७५ शब्द मिनिटाला बोलतो, त्याला ३५० वर नेला तरी शब्द न शब्द वेगळा लागतो भो, पेपरच्या बातम्या चहा थंड व्हायच्या आत संपतात.

भुसावळ स्टेशनवरची अनाऊन्समेंट आठवा, खऱ्या माणसाचे रेकॉर्ड केलेले तुकडे जोडलेले असतात, मधेच सांधा कळतो. ई-स्पीकचे स्वर मात्र कोणाच्या गळ्यातून आलेलेच नाहीत, बोलताना तोंडात आवाज ज्या फ्रिक्वेन्सीवर घुमतो त्या गणिताने तयार करायच्या, त्या फ्रिक्वेन्सींना फॉर्मंट म्हणतात. म्हणून तो पत्र्यासारखा वाजतो, आणि म्हणूनच अख्खं सॉफ्टवेअर काही एमबीत बसतं, जुन्या लॅपटॉपवरही बटण दाबलं की लगेच बोलतो. जोनाथन डडिंग्टन यांनी १९९५ मध्ये एकॉर्न या ब्रिटिश कंपनीच्या कॉम्प्युटरसाठी याचं मूळ लिहिलं. अशा गणिती आवाजांचं घराणं त्याहून जुनं, अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठाचे डेनिस क्लॅट यांच्या कामावरून १९८४ च्या सुमारास डेकटॉक नावाचं मजकूर वाचून दाखवणारं मशीन आलं, त्यातला पॉल हा आवाज क्लॅट यांच्या स्वतःच्या बोलण्यावर बेतलेला. आजारामुळे बोलता न येणारे शास्त्रज्ञ स्टीफन हॉकिंग यांचा मशीनचा आवाजही क्लॅट यांच्याच कामातून आलेला. पुढे चांगले आवाज निघाले तरी हॉकिंग यांनी तो बदलला नाही, तेव्हा नवल वाटायचं, आता नाही वाटत.

मराठी कामापुरती ठीक. पण भाव शून्य, वहिनीचा रडका मेसेज आणि लाईट बिल एकाच सुरात. आमच्या ग्रुपवर अहिराणी चालते, "कथा जाई राहिना रे भाऊ" (कुठे चाललास रे भाऊ) हे त्याने सातच्या बातम्यांसारखं वाचलं तेव्हा घरातले सगळे हसून हसून आडवे, मायने तर तीनदा वाचायला लावलं.

माझ्याकडून साडेचार स्टार. नवीन लावणाऱ्यांनी पहिल्या दिवशी स्पीड वाढवू नका, आठवड्याला थोडा थोडा वाढवा आणि हेडफोन घ्या, नाहीतर घरचे ओरडतात.