माकिनोंचे दोन ‘चुशिंगुरा’: आधी कोणता पाहावा?

‘चुशिंगुरा’ ही सत्तेचाळीस रोनिनांची, म्हणजे धनी गमावलेल्या सामुराईंची, जपानी सूडकथा मूकपटाच्या रूपात पाहायची ठरवली, की दिग्दर्शक माकिनो शोझो यांचेच दोन चित्रपट समोर येतात. एक 1910 च्या सुमाराचा, नट ओनोए मात्सुनोसुके यांचा. दुसरा 1928 चा ‘जित्सुरोकु चुशिंगुरा’, जो माकिनोंनी वयाच्या पन्नाशीनिमित्त काढला आणि ज्यात रोनिनांचे म्होरके ओईशी यांची भूमिका शिंपा या आधुनिक वळणाच्या जपानी रंगभूमीवरून आलेल्या ई योहो यांनी केली. मी आधी जुना पाहिला. आज निवडायचे झाल्यास बहुधा उलट क्रम धरेन.

जुन्या चित्रपटाची मांडणी काबुकी या पारंपरिक जपानी नाट्यप्रकाराची आहे. कॅमेरा जागचा हलत नाही आणि स्त्रियांच्या भूमिका पुरुषांनीच केल्या आहेत. बालगंधर्वांच्या आठवणी ऐकत वाढलेल्या प्रेक्षकाला यात खटकण्यासारखे काही नाही, आणि मात्सुनोसुकेंच्या प्रसिद्ध डोळ्यांची जरब दूरच्या चौकटीतूनही जाणवते.

मला अडचण झाली ती वेगळ्याच गोष्टीची: ओईशींचे धनी आसानो आणि स्वतः ओईशी या दोन्ही भूमिका मात्सुनोसुकेच करतात. ‘लंकादहना’त साळुंके यांनी राम आणि सीता दोन्ही साकारल्याचे आपल्याला ठाऊक आहे, त्यामुळे त्या काळची ही रीत मला अपरिचित नव्हती. तरीही किरा या दरबारी अधिकाऱ्यावर तलवार उगारल्याबद्दल आसानोंना सेप्पुकु, म्हणजे पोट चिरून आत्महत्या, करावी लागते आणि थोड्याच वेळाने त्याच चेहऱ्याचा ओईशी धन्यासाठी झुरताना दिसतो, तेव्हा गेला कोण आणि मागे राहिला कोण हेच मनात ठरेना. मी तो भाग तीनदा मागे नेऊन पाहिला. ज्या कथेचा सारा भार स्वामी आणि सेवक यांच्या ताटातुटीवर आहे, तिथे ही उणीव मला फार मोठी वाटली.

1928 च्या चित्रपटाचे दुर्दैव निराळे. संकलन चालू असताना माकिनोंच्या घराला आग लागून निगेटिव्हचा काही भाग जळाला, आणि आज उपलब्ध असलेली प्रतही अपुरी आहे. कथा मध्येच तुटते. पण कथानक माहीत असलेला प्रेक्षक ती रिकामी जागा स्वतः भरू शकतो. इथे आसानो वेगळा नट आहे, त्यामुळे योहोंचा पोक्त, संयत ओईशी गप्प बसलेला असतो तेव्हा तो कोणाला आठवतो आहे हे सांगावे लागत नाही.

काबुकीची ओढ असणाऱ्याला माझा क्रम कदाचित पटणार नाही. त्याने जुना आधी पाहावा, मात्र बेन्शीच्या, म्हणजे मूकपटातल्या पात्रांचे संवाद आणि कथा बोलून सांगणाऱ्या कलाकाराच्या, निवेदनासह असलेली प्रत मिळवावी. दोन भूमिकांमधला फरक निदान आवाजातून तरी कळतो.