आईसक्रीम वेल लावून वीस महिने झाले, त्याचा अनुभव

पहिल्या वर्षी कुणी विचारलं असतं तर पाचपैकी पाच दिले असते. आता दोन देतो, तेही मधमाश्यांमुळे.

सांगलीवाडीत आमच्या घरामागे पत्र्याची शेड आहे. दुपारनंतरचं सगळं ऊन त्या पत्र्यावर. एप्रिलात गाडी काढायला आत गेलं तरी भट्टीत शिरल्यासारखं व्हायचं. म्हणून गेल्याच्या मागच्या जूनमध्ये नर्सरीतून ८० रुपयांना आईसक्रीम वेल आणला. नर्सरीवाला म्हणाला, "साहेब, हा मरायचं नाव घेत नाही." मला ते कौतुक वाटलं.

दिवाळीपर्यंत पत्रा दिसेनासा झाला. बदामासारखी पानं, गुलाबी तुरे, खत नाही की फवारणी नाही. शेडमधला उकाडा खरंच कमी झाला, हे कबूल करतो. आणि सकाळी नऊच्या सुमाराला सातेरी आणि फुलोरी मधमाश्यांची अशी झुंबड, की चहाचा कप घेऊन तिथंच उभं राहावं.

मग दुसरा पावसाळा आला. चार दिवस गावाला जाऊन आलो, तर वेल शेवग्याच्या शेंड्यावर. तिथून विजेच्या वायरवर आणि वायरवरून शेजारच्या काकूंच्या गच्चीत. याच्या तुऱ्याच्या टोकालाच ताणे असतात. म्हणजे फुलतो तोही पुढची फांदी धरायला. शेवग्याला त्या वर्षी शेंगा मोजून सात. ऊनच पोचलं नाही.

मी कात्री चालवत राहिलो. तासगावचा मामा आला होता, त्याची द्राक्षबाग आहे. बघून हसला. "आरं, आम्ही एप्रिलात खरड छाटणी करतो ती फूट यावी म्हणूनच. तू ह्याला दर पंधरा दिवसाला छाटतोयस, मग काय व्हणार?" एका फांदीच्या जागी चार, तसंच चाललं होतं. बरं, छाटलेले तुकडे ओल्या मातीवर पडले तर त्यांनाही मुळं फुटतात.

खरी गोष्ट जमिनीखाली आहे. खणल्यावर रताळ्यासारखे कंद लागले, काही मनगटाएवढे, गुडघाभर खोल. वरचा सगळा वेल कापला तरी हे कंद पुन्हा कोंब काढतात. मी दोन रविवार टिकाव मारला, तरी शेडच्या पायाखाली गेलेले तसेच राहिले.

बियांचं मला फार उशिरा कळलं. आपण ज्याला पाकळ्या म्हणतो ती गुलाबी पानं गळत नाहीत, वाळून कागदासारखी होतात आणि आत तपकिरी, तीन धारांचं बी पिकतं. मला वाटायचं फूल सुकतंय. ते बी पाण्यावर तरंगतं. कृष्णाकाठी राहणाऱ्याला यापुढचं सांगायला नको. २०१९ च्या ऑगस्टमध्ये सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर गेलं होतं, तेव्हा आमची ही शेड पत्र्यासकट बुडाली होती. आज तसा पूर आला तर माझ्या अंगणातलं बी कुणाच्या नदीकाठच्या मळीत जाऊन रुजेल, देव जाणे. वेल मूळचा मेक्सिकोचा. पॅसिफिकमधल्या ग्वामसारख्या बेटांवर तो शोभेसाठीच गेला आणि तिथली झाडी झाकून बसला. आपल्याकडची जलपर्णीही शोभेचीच होती की.

टेरेसवर मोठ्या कुंडीत, खाली फरशी, आणि वाळलेले तुरे दर आठवड्याला खुडून जाळायची तयारी असेल तर लावा. ओढ्याकाठी, नदीकाठी, शेताच्या बांधावर अजिबात लावू नका, फुकट मिळाला तरी. नर्सरीवाल्यांनीही विकताना कंदाबद्दल एक शब्द बोलावा, एवढी माझी तक्रार आहे.

आता शेडवर जुई चढवतोय. तिला वेळ लागतोय, पत्रा निम्मासुद्धा झाकलेला नाही, आणि आई रोज आठवण करून देते की गुलाबी बरा होता. खणलेले कंद जानेवारीपासून गच्चीवर पोत्यावर वाळत टाकलेत, महिना होऊन गेला. काल पोतं उलटं केलं, तर खालच्या दोघांना लालसर कोंब आलेला.