शहरावरचा उत्कृष्ट ज्ञानकोश-लेख: दोन मसुद्यांची तुलना

छत्रपती संभाजीनगर या शहरावरील दोन मसुदे निवड समितीपुढे आहेत आणि त्यांपैकी कोणत्या मसुद्याला ‘उत्कृष्ट लेख’ हे मानांकन द्यावे, हे तिला ठरवायचे आहे. पहिला मसुदा आकाराने दुसऱ्याच्या जवळजवळ दुप्पट असून त्यात छायाचित्रेही पुष्कळ आहेत. दुसरा आटोपशीर आणि काहीसा रुक्ष आहे. मी दोन्ही मसुदे प्रत्येकी तीनदा वाचले आणि प्रत्येक वाचनागणिक दुसऱ्याकडे अधिक झुकत गेलो. त्याची कारणे पुढे देत आहे.

पहिला मसुदा ‘बावन्न दरवाज्यांचे ऐतिहासिक शहर’ या शब्दांनी सुरू होतो. हे बिरुद आपल्या सर्वांच्या जिव्हाळ्याचे आहे. पण लेखाच्या पहिल्या परिच्छेदाने शहर कोठे आहे, केवढे आहे, कशावर चालते आणि कशासाठी ओळखले जाते, एवढे तरी सांगायलाच हवे. दुसरा मसुदा हे चार वाक्यांत सांगतो. लोकसंख्येचा आकडा देताना तो २०११ च्या जनगणनेतील महापालिका क्षेत्राची ११,७५,११६ ही संख्या देतो आणि वर्ष व हद्द या दोन्हींचा स्पष्ट उल्लेख करतो. पहिल्यात ‘सुमारे वीस लाख’ असे लिहिले आहे. तो आकडा कोणत्या वर्षाचा, त्यात वाळूजची औद्योगिक वसाहत धरली आहे की नाही आणि तो कोठून घेतला, याचा पत्ताच लागत नाही. मोठ्या शहराच्या बाबतीत हद्दीचा प्रश्न किरकोळ नसतो, कारण कारखान्यांत काम करणारे हजारो लोक महापालिकेच्या हद्दीबाहेर राहूनही याच शहराचे असतात. हद्दीचे हेच भान पहिल्या मसुद्याला अजिंठा आणि वेरूळ यांविषयीही राहिलेले नाही. वेरूळ सुमारे ३० किलोमीटरवर, तर अजिंठा सुमारे १०० किलोमीटरवर आहे; तरीही त्यांना लेखाचा चौथा भाग बहाल केला आहे. दोन्ही स्थळांना स्वतंत्र लेख आहेत, तेव्हा येथे एक परिच्छेद पुरे झाला असता.

इतिहासाच्या भागात दोन्ही मसुदे मलिक अंबराने १६१० मध्ये खडकी या नावाने हे शहर वसवल्याचे सांगतात. त्यानंतर मात्र त्यांच्या वाटा वेगळ्या होतात. बीबी का मकबऱ्याविषयी पहिला मसुदा ‘राजपुत्र आझम शाहाने आईच्या स्मरणार्थ बांधला’ एवढे लिहून पुढे सरकतो. दुसरा तारखा समोर ठेवतो: आझम शाहाची आई आणि औरंगजेबाची पत्नी दिलरस बानू बेगम हिचे निधन १६५७ मध्ये झाले आणि आझम शाहाचा जन्म १६५३ चा आहे. काम १६६० च्या सुमारास सुरू झाले असे धरल्यास त्या वेळी तो सात वर्षांचा होता, म्हणून बांधकामाचे श्रेय औरंगजेबाकडे जाते असे मानणारा पक्षही तो नोंदवतो. प्रवेशद्वारावरील कोरीव लेखात अताउल्ला आणि हंसपतराय यांची नावे आहेत, हेही तो विसरत नाही. मतभेद लपवून एकच उत्तर देणारा लेख वाचायला सोपा जातो, पण अशा लेखावर विसंबून राहता येत नाही.

शहराच्या नावांबाबतही हीच कसोटी लागते. खडकी, फतेहनगर, औरंगाबाद आणि २०२३ मध्ये केंद्राच्या मंजुरीनंतर अधिकृत झालेले आजचे नाव हा क्रम दुसऱ्या मसुद्यात कालानुक्रमे आणि कोणाचीही बाजू न घेता आला आहे. मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचे, म्हणजे नामांतराचे, प्रकरण पहिल्या मसुद्यात एका वाक्यात संपते. १९७८ चा विधिमंडळाचा ठराव, त्यानंतर मराठवाड्यात दलित वस्त्यांवर झालेले हल्ले आणि १४ जानेवारी १९९४ चा नामविस्तार ही सोळा वर्षे गाळली, तर या शहराचे सामाजिक जीवन समजतच नाही, आणि तेथे गाळण्याचा अर्थ बाजू घेणे असाच होतो.

माझ्या दृष्टीने निर्णायक भाग पाण्याचा आहे. पहिल्या मसुद्यात पाणचक्की केवळ ‘प्रेक्षणीय स्थळे’ या यादीत आहे. दुसरा मसुदा ती नहरींच्या जाळ्याशी जोडतो: शहराच्या उत्तरेकडील डोंगरांतून जमिनीखालच्या नळांतून केवळ उताराच्या बळावर पाणी आणले जाई. पुढे तो जायकवाडी धरणाकडे वळतो. पैठणचे हे धरण शहरापेक्षा खालच्या पातळीवर असल्यामुळे ते पाणी सुमारे ५० किलोमीटर पंपांनी चढवत आणावे लागते. शिवाय नाशिक आणि अहिल्यानगर जिल्ह्यांतील वरच्या धरणांतून किती पाणी सोडले जाते, यावरही जायकवाडीचा साठा ठरतो. नळाला आठ-आठ दिवसांनी पाणी येण्याचा अनुभव घेतलेल्या माणसाला हा भाग वाचताना आपले शहर प्रथमच उलगडल्यासारखे वाटते. ज्याने शहर कधी पाहिलेले नाही, त्यालाही हे शहर येथे का वसले आणि आज कशामुळे अडले आहे, हे कळते. शहरावरच्या लेखाकडून मला हेच हवे असते.

छायाचित्रांत पहिला मसुदा सरस आहे. तळटिपा दोन्हींत भरपूर आहेत. मात्र पहिल्यातील बऱ्याच तळटिपा पर्यटनाच्या जाहिरातपत्रकांकडे नेतात, त्यामुळे त्यांची संख्या पाहून फसू नये.

दुसऱ्या मसुद्याची उणीवही गंभीर आहे. त्यात कवी सिराज औरंगाबादी नाही, दखनी बोली नाही, हिमरू कापडाचे विणकर नाहीत, नान-खलिया हा खाद्यपदार्थ नाही. १९५० मध्ये सुरू झालेल्या मिलिंद महाविद्यालयाने घडवलेल्या पिढ्यांचाही उल्लेख नाही. या विषयांवर पहिल्या मसुद्याने मनापासून लिहिले आहे आणि तो भाग जपण्याजोगा आहे. म्हणून माझी शिफारस अशी की, मानांकनासाठी दुसरा मसुदा निवडावा, परंतु पहिल्यातील संस्कृतीचा भाग प्रत्येक विधान ग्रंथाधारे पुन्हा तपासून त्यात समाविष्ट होईपर्यंत मानांकन जाहीर करू नये. हे काम दोन्ही मसुद्यांच्या लेखकांनी एकत्र बसून करावे, कारण विणकरांवरील परिच्छेद ज्याने लिहिला आहे, त्यालाच त्यातील कोणते वाक्य ऐकीव आहे हे ठाऊक असणार.