गिलाव्याचा हिशोब: माणशी फूट की ब्रासला तास?

कळंब्याच्या साइटवर माझ्याकडे तीन गवंडी, दोन बिगारी. सोमवारी नऊ ते सहा, जेवणाचा तास वजा, ४०० चौरस फूट गिलावा झाला. हजेरीने भागलं तर माणशी ८० फूट. मंगळवारी तीनला वळीव कोसळला; २५० फूट, माणशी ५०. मालक म्हणाले, "पोरं आळसावलीत."

आता तासांनी मोजू. सोमवारी ५ माणसं × ८ = ४० तास, काम ४ ब्रास (१०० चौरस फुटांचा एक): ब्रासला १० तास. मंगळवारी तीनपर्यंतच काम, म्हणजे ५ माणसं × ५ = २५ तास, अडीच ब्रास. परत १०च! पोरं तीच, वेग तोच, आळस पावसाचा.

माणशी फूट तोंडी चटकन सांगता येतात, मुकादमाला तेच पटतात. तासांत आकडा कमी तेवढं काम चांगलं, हे त्याला उलटं वाटतं. पण पुढचं काम किती दिवसांत उरकेल हे काढताना मी तासच धरतो: ३० ब्रास म्हणजे ३०० तास, पाच जणांचे साडेसात दिवस. छताचा गिलावा मात्र वेगळा लिहायचा. परांचीवर मान वर करून मारलेला ब्रास भिंतीच्या ब्रासात मिसळला, की दोन्ही दर फसवे.