तांब्याचं घटिकापात्र: काही महिन्यांच्या वापरानंतर

लग्नातल्या घटिकास्थापनेसाठी, म्हणजे मुहूर्ताची वेळ पाण्यावर मोजण्यासाठी, तळाला छिद्र असलेली तांब्याची वाटी (घटिकापात्र) अजूनही विकत मिळते. घंगाळातल्या पाण्यावर सोडायची, ती हळूहळू भरते आणि एका घटिकेत, म्हणजे २४ मिनिटांत, बुडते. पावसाळ्यापासून उन्हाळ्यापर्यंत वापरल्यावर मत पक्कं झालं आहे: साधन उत्तम आहे, पण नवी वाटी मोजून पाहिल्याशिवाय मुहूर्ताला बसवू नका. विकायच्या वाट्यांमध्ये बऱ्याच नुसत्या शोभेच्या असतात. छिद्र पाडलेलं असतं, पण ते कशाच्या हिशेबाने पाडलं हे कोणी सांगत नाही.

वेळ तीन गोष्टींवर ठरते: वाटीचं वजन, तोंडाची रुंदी आणि छिद्र. वजन जास्त असेल तर वाटी खोल बसते, बाहेरच्या पाण्याचा दाब वाढतो आणि ती लवकर बुडते. १२ सेंटीमीटर तोंडाच्या, साधारण २०० ग्रॅमच्या अर्धगोल वाटीला २४ मिनिटांसाठी छिद्र जेमतेम पाऊण मिलिमीटरचं लागतं. इथे चूक फार महाग पडते. छिद्र ०.७५ चं ०.८० मिलिमीटर झालं तरी त्याचं क्षेत्रफळ जवळपास १४ टक्के वाढतं आणि २४ ची २१ मिनिटं होतात. म्हणून छिद्र साफ करायला शिवणाची सुई कधीही घालू नका. ब्रशचा एक ताठ केस पुरतो.

वाटी काठोकाठ भरली की बुडते, हा गैरसमज आहे. वर सांगितलेल्या वाटीत पाणी साधारण ६० टक्के भरतं तेव्हाच तिचा काठ पाण्याला टेकतो, आणि मग ती एकदम जाते. शिवाय सुरुवातीला ती भराभर भरते आणि शेवटी संथ होते, कारण अर्धगोलाचं तोंड वर रुंद होत जातं तशी आतल्या-बाहेरच्या पातळीतली तफावत कमी होते. म्हणजे आतलं पाणी निम्म्यावर आलं म्हणून अर्धी घटिका झाली असं नाही. अर्ध्या घटिकेची खूण हवीच असेल तर घड्याळ लावून, १२ मिनिटांनी पाणी जिथे असेल तिथे करा.

मोजणी अशी करावी. वाटीच्या उंचीच्या दीडपट तरी खोल आणि तोंडाच्या दुपटीहून रुंद घंगाळ घ्या. अरुंद भांड्यात वाटी कडेला ओढली जाते, चिकटते आणि तिरकी होते. गाळलेलं पाणी भरून ते पूर्ण स्थिर होऊ द्या. वाटी पाण्यावर टेकली की घड्याळ सुरू, काठ पाण्याखाली गेला की बंद. चार-पाच वेळा मोजून सरासरी काढा. दोन मोजण्यांत अर्ध्या मिनिटाहून जास्त फरक येत असेल तर छिद्राच्या कडेला तांब्याची कुसळं राहिली आहेत असं समजा. वाटी हळू बुडत असेल तर तळाला मधोमध थोडं डाग देऊन (वितळलेला धातू जोडून) वजन वाढवता येतं. लवकर बुडत असेल तर तांबटाकडून छिद्राभोवती बाहेरून हलके ठोके घालून घ्या. हे काम घरी करू नये.

आणि दुरुस्ती जमलीच नाही तरी वाटी फेकायची गरज नाही. जुन्या ग्रंथांत वाटीसाठी दहा पलं (पल हे जुनं वजन) तांबं, सहा अंगुळं (बोटाच्या रुंदीची मापं) उंची, बारा अंगुळं तोंड आणि छिद्रासाठी सोन्याची सुई असं माप दिलेलं आढळतं. भास्कराचार्यांनी ‘सिद्धांतशिरोमणी’त (इ.स. ११५०) या मापाचा आग्रहच सोडला. अहोरात्रात वाटी किती वेळा बुडते ते मोजा, अहोरात्राला त्या संख्येने भागा, तेच त्या वाटीचं मान, म्हणजे एका बुडण्याची वेळ. इतकं स्वच्छ उत्तर दुसरं नाही. तुमची वाटी २२ मिनिटांत बुडत असेल तर दहा बुडण्यांची २२० मिनिटं, म्हणजे ९ घटिका १० पळं (एक पळ म्हणजे २४ सेकंद). वाटीच्या बुडालाच तिचं मान कोरून ठेवा.

बुडालेली वाटी काढून, रिकामी करून पुन्हा सोडताना पाच सेकंद गेले तरी ६० बुडण्यांत पाच मिनिटं वाया जातात. यावर उपाय दोन वाट्यांचा. एक बुडताक्षणी दुसरी सोडायची. मात्र दोन्ही वेगवेगळ्या मोजलेल्या हव्यात.

प्रत्यक्ष विधीत वाटी चुकते ती मुख्यतः पूजेच्या साहित्याने. भास्कराचार्यांची मुलगी लीलावती हिच्या लग्नाच्या आख्यायिकेत छिद्रात मोती अडकला. एरवी अक्षतांची कणी किंवा ओल्या हळदीचा गोळाही पुरतो. गंध, हळद-कुंकू, फुलं घंगाळाला बाहेरून वाहावीत, पाण्यात काही पडू देऊ नये. मांडवातला पंखा दुसरा शत्रू. शेवटच्या दोन मिनिटांत काठ पाण्याच्या अगदी जवळ असतो, तेव्हा बारीकशी लाटही आत शिरते आणि वाटी आधीच जाते.

थंडीत पहाटे तीच वाटी रेंगाळते, कारण पाणी २० अंशांवर असताना ३० अंशांपेक्षा बरंच चिकट असतं. ज्या हंगामात वापरायची त्याच हंगामात पुन्हा मोजा. बोअरचं जड पाणी टाळा, त्याचा क्षार छिद्रात बसतो. वापर झाला की चिंचेने धुऊन, छिद्रातून फुंकर मारून, कोरडी करून उपडी ठेवावी. घासायची पावडर छिद्रात वाळली तर पुढच्या वेळी वाटी तरंगतच राहते.

सूर्योदयापासून घटिका मोजायच्या तर सूर्योदय आपल्या गावचा धरा. पुणे आणि नागपूर यांच्या रेखांशांत सव्वापाच अंशांचा फरक आहे. तेवढ्यानेच २१ मिनिटं, म्हणजे जवळपास एक घटिका इकडची तिकडे होते. ऋतूप्रमाणे त्यात आणखी थोडी भर-घट होते. परगावचं पंचांग समोर ठेवून पळापळाचा हिशेब करण्यात अर्थ नाही.

विकत घेताना जाड काठाची, सपाट पृष्ठभागावर उपडी ठेवल्यावर न डुगडुगणारी वाटी निवडा, आणि शक्य असेल तर छिद्र न पाडलेलीच घ्या. छिद्र तांबटाकडून अर्ध्या मिलिमीटरचं पाडून घ्यावं आणि मोजत मोजत वाढवावं. वाढवणं सोपं असतं, बुजवणं नाही.